उसाखालचं रान

मॉरिशसमध्ये उसाच्या फडांमधोमध काळ्या दगडांचे ढिगारे उभे आहेत. काही पुरुषभर, काही दोन पुरुष उंच. कडेचे दगड नीट रचून बसवलेले, आत भर. विमानतळावरून पोर्ट लुईकडे निघालं की ते दिसू लागतात आणि बेटावर कुठेही गेलं तरी पुन्हा पुन्हा भेटतात. नांगर चालावा म्हणून शेतातले धोंडे वेचून ते रचले गेले. वेचणारे हात आधी गुलामांचे होते, नंतर हिंदुस्थानातून करारावर आणलेल्या मजुरांचे. माझ्या बसमधली बाकीची मंडळी समुद्राच्या बाजूला सरकली होती. मी मात्र त्या ढिगाऱ्यांकडेच बघत राहिले, कारण तो दगड ओळखीचा होता. सह्याद्रीच्या कुठल्याही घाटात, कुठल्याही किल्ल्याच्या तटात असतो तसाच काळा, बारीक भोकांचा.

साम्य नुसतं दिसण्यापुरतं नाही. सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी हिंदुस्थानचा भूखंड दक्षिणेला, आजच्या रियुनियन बेटाच्या आसपासच्या भागात होता. तिथे पृथ्वीच्या पोटातून तप्त शिलारस वर येण्याची एक जागा आहे. तिथून बाहेर पडलेल्या लाव्ह्याचे थरावर थर साचून दख्खनचं पठार झालं. पुढे भूखंड उत्तरेकडे सरकत गेला. चूल जागच्या जागी राहिली, वरचं भांडं सरकत गेलं. त्या वाटेवर लक्षद्वीप, मालदीव आणि चागोसची रांग उठली आणि फार उशिरा, सुमारे ८० लाख वर्षांपूर्वी, मॉरिशस समुद्रातून वर आलं. आता त्या जागेवर रियुनियन आहे आणि तिथला पितों द ला फुर्नेझ हा ज्वालामुखी अजून उसळतो. बहुतेक भूशास्त्रज्ञांनी मान्य केलेली ही मांडणी मी पुस्तकात वाचली होती. फडातला दगड हातात घेतल्यावर तिच्यावर माझा विश्वास बसला.

असं समुद्रातून नव्याने वर आलेलं बेट उघडं असतं. तिथे जे येईल ते पाण्यावरून किंवा वाऱ्यावरून. मॉरिशसला वटवाघळं सोडली तर जमिनीवरचा एकही सस्तन प्राणी स्वतःहून पोचला नाही. कासवं तरंगत आली, पाली ओंडक्यांवरून आल्या, बिया पाखरांच्या पोटातून आल्या. आग्नेय आशियाकडची कबुतरं आली आणि त्यांच्यातल्या एका शाखेला इथे शत्रूच भेटला नाही. उडण्याची गरज उरली नाही. पिढ्यांमागून पिढ्या गेल्या, पंख खुरटले, अंग वाढलं, आणि त्या कबुतराचा डोडो झाला. त्याचा आज हयात असलेला सर्वांत जवळचा नातलग आपल्या निकोबार बेटांवरचं कबुतर आहे.

पोर्ट लुईच्या निसर्ग-इतिहास संग्रहालयात डोडोचा एक सांगाडा आहे. जगात डोडोचे जे सांगाडे आहेत, ते बहुतेक वेगवेगळ्या पक्ष्यांची हाडं जुळवून उभे केलेले. एकाच पक्ष्याचा, जवळजवळ पूर्ण असा हा एवढाच. एतिएन तिरिऊ नावाच्या न्हाव्याला तो विसाव्या शतकाच्या सुरुवातीला ल पूस डोंगराजवळ सापडला. मी त्या काचेपुढे बराच वेळ उभी होते. मागून शाळेची मुलं येत, खिदळत, पुढे जात.

त्याआधी १८६५ मध्ये जॉर्ज क्लार्क या शाळामास्तराला मार ओ साँज नावाच्या दलदलीत डोडोची हाडं सापडली होती. दलदल एका साखरमळ्याच्या जमिनीत, आजच्या विमानतळापासून अगदी जवळ. क्लार्कने मजुरांना कमरेएवढ्या पाण्यात उतरवलं आणि चिखलात अनवाणी पायांनी चाचपायला सांगितलं. पायाला लागलं ते हाड वर आलं. आज युरोपातल्या संग्रहालयांत जे डोडो उभे आहेत, त्यांतल्या अनेकांची हाडं याच दलदलीतली. शास्त्राच्या इतिहासात क्लार्कचं नाव आहे. चिखलात उतरलेल्यांची नावं नाहीत. त्या काळी तिथल्या मळ्यांत राबणारे बहुतेक हिंदी होते.

डोडो आपल्याकडेही येऊन गेला होता. पीटर मंडी नावाचा इंग्रज प्रवासी १६२८ नंतरच्या काही वर्षांत सुरतेला होता. तिथे त्याने दोन डोडो पाहिल्याचं लिहून ठेवलं आहे. जहांगीरच्या दरबारातल्या उस्ताद मन्सूरच्या नावावर असलेलं डोडोचं एक चित्र आज सेंट पीटर्सबर्गमध्ये आहे. जिवंत पक्षी समोर बसवून काढलेल्या मोजक्या रंगीत चित्रांत त्याची गणना होते. एवढ्या लांबचा प्रवास करून आलेल्या त्या पक्ष्याला उरलेली वर्षं फार थोडी होती.

डच १५९८ मध्ये आले आणि राजपुत्र मॉरिसच्या नावाने बेट मॉरिशस झालं. १६३८ पासून त्यांनी वस्ती केली. इथलं काळं शिसवी लाकूड, एबनी, उत्तम होतं, ते तोडून नेलं. कासवं जहाजावर जिवंत भरून नेली, कारण ती अन्नपाण्यावाचून महिनोन् महिने टिकत. १६३९ मध्ये जावाहून हरणं आणि ऊस आला. डुकरं आणि माकडं आली, बोलावल्याशिवाय उंदीर आले. डोडो माणसांनी खाऊन संपवला असं आपण ऐकत आलो आहोत. खरा घात झाला तो घरट्यात. डोडो जमिनीवर घरटं करी आणि एका वेळी बहुधा एकच अंडं घाली. डुकरं, माकडं आणि उंदीर ती अंडी खात गेले. १६६२ मध्ये डोडो पाहिल्याची शेवटची भरवशाची नोंद आहे. १७१० मध्ये डच बेट सोडून गेले. जाताना मागे उंदीर होते, ऊस होता, आणि डोडो नव्हता.

१७१५ मध्ये फ्रेंच आले. त्यांचा गव्हर्नर ला बुर्दोने याने पोर्ट लुई बंदर बांधलं. पिएर प्वाव्रने मसाल्याच्या बेटांवरून जायफळ-लवंगेची रोपं चोरून आणवली आणि पाम्प्लेमूसची बाग उभी केली. तिथल्या महाकाय कमळांची थाळ्यांसारखी पानं पाहायला आजही गर्दी असते, मीही पाहिली. १८१० मध्ये इंग्रजांनी बेट जिंकलं. पण या बेटाचं रूप ज्याने बदललं तो निर्णय लढाईत झाला नाही, लंडनच्या जकातीत झाला. १८२५ मध्ये मॉरिशसच्या साखरेवरचा कर वेस्ट इंडीजच्या साखरेइतका खाली आणला गेला. त्यानंतर काही दशकांतच डोंगरउतारापर्यंतचं रान ऊस होऊन गेलं. आज मूळचं चांगलं रान बेटावर दोन टक्क्यांहून कमी उरलं आहे.

ऊस लावायला माणसं लागली. आधी ती मादागास्कर आणि आफ्रिकेच्या किनाऱ्यावरून गुलाम म्हणून आणलेली होती. बेटाच्या नैर्ऋत्य टोकाला ल मोर्न नावाचा ५५६ मीटरचा कडा आहे, समुद्रातून सरळ उठलेला. पळालेले गुलाम त्याच्या माथ्यावर आणि कपारींत राहत. १ फेब्रुवारी १८३५ ला गुलामगिरी संपली. ती बातमी सांगायला शिपाई वर चढले, आपल्याला पकडायला आले असं समजून वरच्यांनी कड्यावरून उड्या घेतल्या, असं त्या गुलामांचे वंशज, क्रिओल लोक, पिढ्यान् पिढ्या सांगत आले आहेत. कड्याखाली उभं राहून ही कथा ऐकताना ती कागदावर सापडते की नाही हा प्रश्न मनात आला नाही. कागदावर जे सापडतं ते असं: मालकांना नुकसानभरपाई म्हणून २० लाख पौंडांहून जास्त रक्कम मिळाली, आणि मुक्त झालेल्यांना एक पैसाही नाही.

गुलामगिरी संपण्याआधीपासूनच हिंदी माणसं इथे होती. १८३६ मध्ये डार्विन बीगल जहाजातून पोर्ट लुईला उतरला, तेव्हा रस्ते बांधणारे हिंदी कैदी पाहून तो थबकला. त्यांच्या तेजस्वी चेहऱ्यांबद्दल त्याने लिहिलं आहे. बंगालप्रमाणे मुंबई इलाख्यातूनही काळ्या पाण्याची शिक्षा झालेले लोक इथे पाठवले जात. अंदमानच्या किती आधी! हे आपल्या शाळेच्या पुस्तकांत कधी आलंच नाही.

आणि मग आला आप्रवासी घाट. पोर्ट लुईच्या बंदरात, त्रू फांफारोंच्या काठावर, दगडी इमारतींचे अवशेष आहेत. दवाखाना, स्वयंपाकघर, संडासांच्या रांगा. आणि समुद्राकडून वर येणाऱ्या पायऱ्या. २ नोव्हेंबर १८३४ ला 'ॲटलास' जहाजातून कलकत्त्याहून ३६ मजूर इथे आले. गुलामांच्या जागी करारावरचे मजूर चालतात का, हे इंग्रज सरकारला पाहायचं होतं. चालतात असं ठरलं, आणि पुढे साडेचार लाखांहून जास्त माणसं या बेटावर उतरली. १८४९ पासून ती याच डेपोतून जात. कलकत्ता, मद्रास आणि मुंबई या तीन बंदरांतून जहाजं सुटत. मुंबईच्या जहाजांत रत्नागिरी, सावंतवाडी, कोल्हापूर, सातारा या भागांतली माणसं असत.

त्या पायऱ्या मी चढून पाहिल्या नाहीत. त्यांच्यासमोरच्या कठड्याला टेकून बसले. करार पाच वर्षांचा, महिना पाच रुपये आणि शिधा. एक दिवस कामावर आला नाही तर दोन दिवसांचा पगार कापायचा, असा मळ्यांचा नियम. १८६७ च्या कायद्याने जुन्या मजुरांना फोटो लावलेलं तिकीट जवळ बाळगावं लागे. ते नसलं की भटक्या म्हणून तुरुंग. त्याविरुद्ध १८७१ मध्ये आदोल्फ द प्लेव्हित्झ या मळेवाल्याने पुढाकार घेतला, एक अर्ज लिहिला आणि त्यावर ९,४०१ मजुरांनी सह्या-अंगठे केले. इतर मळेवाल्यांनी त्याला बेटावर राहणं मुश्कील करून टाकलं. पण चौकशी आयोग आला. आपल्याच वर्गाविरुद्ध उभ्या राहिलेल्या या माणसाचं नाव मराठीत जवळजवळ कुणाला माहीत नाही, म्हणून इथे लिहिते आहे.

२००६ मध्ये घाट जागतिक वारसा झाला, दोन वर्षांनी ल मोर्नही झाला. एका बेटावरची ही दोन वारसास्थळं, आणि दोन्ही ज्यांच्याकडून ऊस लावून घेतला त्यांची. राजवाडा नाही, किल्ला नाही. मला मॉरिशसबद्दल सर्वांत जास्त आदर कशाचा वाटला असेल तर या निवडीचा.

मी गेले ते गणपतीचे दिवस होते. मॉरिशसमध्ये गणेश चतुर्थीची सार्वजनिक सुट्टी असते, सगळ्या देशाला. घरी क्रिओल बोलणारी, शाळेत मराठी शिकलेली मुलं आरत्या म्हणत होती, आणि उच्चार आजीकडून आलेले असल्यामुळे त्यांत कोकणी हेल होता. विसर्जनाच्या मिरवणुकीत बायका-पुरुष फेर धरून झाकरी नाचत होते. कोकणातला जाखडीचा नाच मी लहानपणी पाहिलेला आहे. पायांची ठेवण तीच होती. ढोलकीवरचा ताल मात्र मध्येच आफ्रिकेकडे वळे, शेजारच्या वस्तीतल्या सेगा नाचाकडे. दीडशे वर्षं शेजार केल्यावर तसं होणारच, आणि मला ते फार आवडलं. मूर्ती पाण्यात गेली तेव्हा सूर्यही मावळतीला लागला होता, आणि दोन्ही बाजूंना कापणीला आलेला ऊस होता.

गेलेलं रान परत आणायचं काम पाहायला मी इल ओ एग्रेतला गेले. हे माएबुर्ग गावाजवळचं २६ हेक्टरचं बेट. किनाऱ्यापासून होडीने काही मिनिटांवर. हे काळ्या दगडाचं नाही, प्रवाळाच्या चुनखडीचं आहे, म्हणून उसाने त्याला सोडलं. सरपणासाठी मात्र ते बरंच तोडलं गेलं, दुसऱ्या महायुद्धात इथे तोफा बसवल्या, बकऱ्या चरल्या. १९६५ मध्ये ते राखीव झालं आणि पुढे मॉरिशियन वाइल्डलाइफ फाउंडेशनने ते हाती घेतलं. उंदीर आणि मांजरं हटवली. परकी झाडं हाताने उपटली आणि मूळची लावली. २००० मध्ये अल्दाब्राहून महाकाय कासवं आणली, कारण मॉरिशसची स्वतःची दोन्ही जातींची कासवं केव्हाच संपली होती.

कासवांचं काम काय, ते मी डोळ्यांनी पाहिलं. वाटेवर एक कासव एबनीच्या झाडाखाली पडलेली फळं खात होतं. वाट दाखवणाऱ्या तरुणीने शेजारची लीद काडीने उकलून दाखवली, आत बिया. ही फळं एवढी मोठी की लहान पाखरांना गिळत नाहीत. बिया झाडाखालीच पडायच्या आणि तिथल्या तिथे मरायच्या. कासवांच्या पोटातून त्या लांब जातात आणि रुजतात. जिथे एबनी तोडून उघडं झालं होतं, तिथे आता कासवांनी पेरलेली एबनीची रोपं उभी आहेत. गुडघाभरच आहेत. एबनी फार सावकाश वाढतं. ती तरुणी म्हणाली, "याचं झाड झालेलं मी बघणार नाही." ते ती अगदी सहज बोलली आणि पुढे चालू लागली.

वर फांदीवर गुलाबी कबुतर बसलं होतं. फिकट गुलाबी छाती, तांबूस शेपटी, भीती नाही. १९९० च्या सुमारास रानात ही दहाच्या आसपास उरली होती. आता काही शेकडे आहेत. मॉरिशसचा लहानसा ससाणा १९७४ मध्ये चार पक्ष्यांवर आला होता. मलेरियासाठी फवारलेल्या डीडीटीने अंडी नासली होती आणि रान तर आधीच गेलं होतं. १९७९ मध्ये कार्ल जोन्स हा वेल्श तरुण इथे आला. पहिली अंडी घरट्यातून काढून उबवायची, म्हणजे मादी दुसऱ्यांदा अंडी घालते. पिल्लं हाताने वाढवून रानात सोडायची. वर्षानुवर्षं हेच. ससाणा वाचला, मात्र २०१४ मध्ये त्याला पुन्हा धोक्यातल्या यादीत टाकावं लागलं. पाखरू वाढवता येतं, त्याच्यासाठी रान वाढवायला फार जास्त वेळ लागतो.

इल ओ एग्रेतच्या किनाऱ्यावरून दक्षिणेकडे प्रवाळाची पांढरी रेघ दिसते. २५ जुलै २०२० ला 'वाकाशियो' हे मालवाहू जहाज तिथे रुतलं आणि ऑगस्टमध्ये त्यातून सुमारे हजार टन तेल या खाडीत पसरलं. सरकारी यंत्रणेची वाट न पाहता माएबुर्गची माणसं घरातून बाहेर पडली. उसाचं पाचट कापडी पिशव्यांत भरून त्यांनी लांबच लांब तरंगते बांध शिवले, केस कापून दिले, प्लास्टिकच्या बाटल्या बांधल्या, आणि तेल अडवलं. फाउंडेशनच्या लोकांनी दुर्मीळ पाली आणि रोपं उचलून सुरक्षित जागी नेली. रान खाऊन टाकणारा ऊस त्या आठवड्यात खाडी वाचवायला आला.

सगळं काही असं चांगलं नाही. लिचीच्या बागा वाचवण्यासाठी २०१५ आणि २०१६ मध्ये सरकारने हजारो फळखाऊ वटवाघळं मारवली. स्वतःच्या पंखांनी इथे पोचलेला, मूळच्या झाडांच्या बिया पसरवणारा प्राणी हा. ते चूक होतं, आणि इथल्या अनेक अभ्यासकांनी ते उघडपणे सांगितलं.

ब्लॅक रिव्हरच्या डोंगरात ब्रीझ फेरला कुंपण घातलेला रानाचा एक तुकडा आहे. कुंपणाबाहेर परक्या चिनी पेरूची दाट झुडपं, इतकी दाट की आत उजेड नाही. कुंपणाच्या आत मूळची झाडं आणि मोकळी जमीन. हा फरक राखायला पेरूची रोपं पुन्हा पुन्हा हाताने उपटावी लागतात. तिथे काम करणारे एक पन्नाशीचे गृहस्थ भेटले. मी मुंबईची आहे म्हटल्यावर हात पुसून पुढे आले आणि शाळेत शिकलेल्या सावकाश मराठीत म्हणाले, "ताई, आमचे पणजोबा मुंबईच्या जहाजाने आले. ऊस लावायला रान तोडायचे. मी रान लावतो." मग त्यांनी मोबाइलवर एका कागदाचा फोटो दाखवला. पणजोबांच्या नोंदीचा उतारा होता. क्रमांक, वय, उंची, बापाचं नाव, जिल्हा रत्नागिरी. गावाचं नाव मात्र कारकुनाने इंग्रजीत असं काही लिहिलं होतं की घरात कुणाला ते लागत नव्हतं. मी तीन-चार प्रकारे वाचून पाहिलं. दोन गावांपैकी एक असावं एवढं सांगू शकले. त्यांनी दोन्ही नावं माझ्याकडून देवनागरीत लिहून घेतली.

अशा नोंदींची हजारो पानं मोका इथल्या महात्मा गांधी संस्थेत जपून ठेवलेली आहेत. अनेक नोंदींबरोबर त्या माणसाचा फोटोही आहे. तिकडचे लोक आपली गावं शोधत आहेत. रत्नागिरी, सिंधुदुर्ग, सातारा, कोल्हापूरकडच्या वाचकांना माझी विनंती आहे. तुमच्या घरच्या वंशावळीत १८४० ते १९१० च्या दरम्यान कुणाच्या नावापुढे 'परागंदा' लिहिलेलं असेल, किंवा नाव लिहून पुढे काहीच नसेल, तर ते नाव, बापाचं नाव, गाव आणि अंदाजे साल एका कागदावर उतरवा आणि मोका इथल्या या संस्थेला कळवून चौकशी करा.